गोल्ड रशच्या गावात वृत्तपत्र कसं काढावं : डेन्व्हर, १८५९

१८५९ चा मार्च महिना आहे आणि तुम्ही मिसुरी नदीकाठच्या ओमाहात आहात. पश्चिमेला साधारण नऊशे किलोमीटरवर, रॉकी पर्वताच्या पायथ्याशी, चेरी क्रीक नावाच्या ओढ्याच्या वाळूत सोनं सापडल्याची बातमी आहे. हजारो माणसं तिकडे निघाली आहेत. त्यांच्या गाड्यांत फावडी, पराती, पीठ आणि खारवलेलं मांस आहे. तुम्हाला मात्र गाडीतून छापखाना न्यायचा आहे.

गोल्ड रशच्या काळावर कथा, कादंबरी, नाटक किंवा खेळ रचणाऱ्यांना आणि वृत्तपत्रांच्या इतिहासात रमणाऱ्यांना उपयोगी पडावं म्हणून हे काम मी पायरीपायरीने मांडतो आहे. नमुना घेतला आहे डेन्व्हरच्या ‘रॉकी माउंटन न्यूज’चा. ते काढणारा विल्यम बायर्स हा पेशाने भूमापक होता, वृत्तपत्राचा अनुभव त्याला नव्हता. तरीही त्याने सुरू केलेलं पत्र २००९ पर्यंत, म्हणजे जवळजवळ दीडशे वर्षं चाललं. त्याचं जे साधलं ते घ्यायचं आहे, आणि जिथे तो वाईट चुकला तेही सांगायचं आहे. कॅलिफोर्निया, नेव्हाडा, ऑस्ट्रेलिया आणि कॅनडातल्या क्लोंडाइकमधले दाखले जोडीला घेतले आहेत.

माझी कसोटी आधीच सांगून ठेवतो. खाणगावात अफवा फुकट मिळते. माणूस खिशातले पैसे काढून वृत्तपत्र घेतो ते त्यातली कोणती अफवा खरी, एवढं कळावं म्हणून. पुढचा प्रत्येक सल्ला या कसोटीवर पारखून दिला आहे.

छापखाना : बंद पडलेला शोधा

बायर्स आणि त्याचा भागीदार थॉमस गिब्सन नव्या यंत्राच्या मागे लागले नाहीत. ओमाहाजवळच्या बेलव्ह्यू गावातलं ‘बेलव्ह्यू गॅझेट’ बंद पडलं होतं, त्याचा छापखाना त्यांनी घेतला. तुम्हीही तेच करा. नव्या वसाहतींच्या प्रदेशात गावं झपाट्याने उभी राहतात आणि तितक्याच झपाट्याने ओस पडतात. त्यामुळे बसलेला छापखाना शोधायला फार हिंडावं लागत नाही, आणि तो चालवणारा, अक्षरं जुळवणारा जुळारीही पुष्कळदा जवळपास रिकामाच असतो. त्यालाही बरोबर घ्या.

यंत्र हाताने चालणारं, लोखंडी चौकटीचं हवं. त्या काळी अमेरिकेत वॉशिंग्टन पद्धतीचं हातयंत्र छोट्या वृत्तपत्रांचा आधार होतं. ते सुटं करून बैलगाडीत भरता येतं, आणि त्यात मोडण्यासारखे नाजूक भाग थोडे असतात. काम असं चालतं : खिळ्यांचा, म्हणजे धातूच्या सुट्या अक्षरांचा, आवळून बांधलेला फर्मा सपाट पाटावर बसवतात. एकजण रूळाने शाई फिरवतो, दुसरा कागद ठेवतो, पाट आत सरकवतो आणि दांडा ओढतो. मग वरचा जड लोखंडी तवा कागदावर दाबला जातो. दोन सरावलेली माणसं तासाला दोनशे ते अडीचशे छाप काढतात. मोठ्या तावाच्या दोन्ही बाजू छापून मधे घडी घातली की चार पानी अंक होतो. पाचशे प्रती हव्या असतील तर हजार छाप, म्हणजे चार-पाच तासांचं सलग काम. पहिले काही महिने यापेक्षा मोठी स्वप्नं बघू नका. वाफेवर चालणारं यंत्र तर मुळीच नको. त्याचा एखादा भाग तुटला तर दुसरा यायला महिने जातील.

रूळाकडे नव्या माणसाचं लक्ष नसतं. तो सरस आणि काकवीच्या मिश्रणातून ओतलेला असतो. उन्हात तो मऊ पडतो आणि थंडीत कडक होऊन शाई धरत नाही. ओतायचा साचा, सरस आणि काकवी बरोबर घ्या. शाई काजळी आणि उकळलेल्या जवसाच्या तेलाची असते. ती तयारच न्या, गावात बनवत बसू नका.

खिळे मात्र नीट मोजून घ्या. कॅलिफोर्नियातलं पहिलं वृत्तपत्र, ‘कॅलिफोर्नियन’, ऑगस्ट १८४६ मध्ये मॉन्टेरे गावात निघालं. त्यासाठी मिळालेले खिळे स्पॅनिश मजकुरासाठीचे होते आणि त्यांत इंग्रजीतला ‘डब्ल्यू’ नव्हता. जुळाऱ्यांनी दोन ‘व्ही’ शेजारी लावून वेळ निभावली. कागदही तंबाखू गुंडाळायचा वापरावा लागला. म्हणून निघण्यापूर्वी एक संपूर्ण पान जुळवून पाहा. कोणतं अक्षर आधी संपतं ते लगेच कळेल, त्याचे जादा खिळे घ्या. आकडे आणि डॉलरचं चिन्ह यांचेही खिळे तपासा. खाणगावाच्या पत्रात ते शांत शेतकी गावापेक्षा कितीतरी जास्त लागतात.

कागद हे या धंद्यातलं कायमचं दुखणं. डेन्व्हरमध्ये ताव संपले की तपकिरी वेष्टनाच्या कागदावरही छपाई झाली. गाडीत जागा उरली तर आणखी पीठ भरण्याऐवजी आणखी कागद भरा. पीठ कुणीतरी विकायला आणतंच.

निघण्यापूर्वी : नाव, गाव आणि बाहेरची पानं

पहिल्या अंकाचा काही भाग बायर्सने ओमाहातच तयार करून ठेवला होता. चार पानी अंकाची बाहेरची पानं, म्हणजे पहिलं आणि चौथं, शिळं न होणाऱ्या मजकुराने भरता येतात : वाटेची माहिती, निवडक उतारे, लेख. तिथे पोचल्यावर फक्त आतली दोन पानं जुळवायची राहतात. पुढे शर्यतीत त्याला याचा फार उपयोग झाला.

नाव ठेवताना एका गावाला बांधून घेऊ नका. चेरी क्रीकच्या एका काठावर ऑरेरिया आणि दुसऱ्या काठावर डेन्व्हर सिटी, अशी दोन गावं भूखंड विकण्यासाठी एकमेकांशी झगडत होती. बायर्सने नावात सबंध पर्वतरांग घेतली आणि नावाखाली ठिकाण म्हणून फक्त ‘चेरी क्रीक, कॅन्सस टेरिटरी’ छापलं. कोणतं गाव टिकेल हे तेव्हा कुणालाच ठाऊक नव्हतं. १८६० च्या एप्रिलमध्ये दोन्ही गावं एक झाली, आणि पत्राचं नाव बदलायची वेळ आली नाही.

जागा

छापखान्याला तीन गोष्टी लागतात : वजन पेलणारी जमीन, उजेड आणि पाऊस-बर्फापासून आडोसा. नव्या गावात तिन्ही एका ठिकाणी मिळत नाहीत. बायर्सचं पहिलं कार्यालय ऑरेरियात, ‘अंकल डिक’ वूटन या व्यापाऱ्याच्या इमारतीच्या माळ्यावर होतं. खाली दुकान आणि दारूचा गुत्ता. गोंगाट सोडला तर जागा उत्तम, कारण नवा आलेला प्रत्येक माणूस आधी तिथेच येऊन बोलायचा. शक्य असेल तर अशाच ठिकाणी बसा.

पुढे दोन्ही गावांना सारखं जवळचं वाटावं म्हणून त्याने चेरी क्रीकच्या कोरड्या पात्रातच खांबांवर इमारत बांधली. तिथल्या अरापाहो आणि शायेन लोकांना तो ओढा पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होता. अशा पात्रात कायमचं घर बांधणं हा नव्याने आलेल्यांचा उद्योग. मे १८६४ मध्ये रात्री पूर आला आणि इमारत, यंत्र, खिळे सगळं वाहून गेलं. आत झोपलेले कामगार जेमतेम वाचले. निःपक्ष दिसण्यासाठी मधोमध बसायचंच असेल तर दोन्ही गावांच्या बातम्यांना सारखी जागा द्या, आणि इमारत उंचावर बांधा.

पहिला अंक : शक्य तितक्या लवकर

बायर्सची गाडी एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात पोचली तेव्हा कळलं, की जॅक मेरिक नावाचा गृहस्थ यंत्र घेऊन आधीच येऊन बसला आहे. ‘चेरी क्रीक पायोनियर’ काढायचा त्याचा बेत होता, पण त्याने घाई केली नव्हती. आता दोन्ही छापखान्यांत दिवे लागले. बाहेर बर्फ पडत होता, वूटनचं छप्पर गळत होतं, आणि बायर्सच्या माणसांनी यंत्रावर तंबूचं कापड ताणून काम चालू ठेवलं. २२ एप्रिलच्या रात्री ‘रॉकी माउंटन न्यूज’चा पहिला अंक छापून बाहेर पडला. त्यावर तारीख होती शनिवार, २३ एप्रिल १८५९. मेरिकचा अंक सुमारे वीस मिनिटांनी मागे राहिला. त्याने आपलं यंत्र बायर्सच्या बाजूला विकलं आणि तो सोनं शोधायला निघून गेला. ‘पायोनियर’चा दुसरा अंक कधीच निघाला नाही.

वीस मिनिटांना एवढी किंमत का? त्या वस्तीत एका पत्रापुरत्याच जाहिराती होत्या. कुणाचा अंक आधी हातात पडतो त्याच्याकडे दुकानदार जाणार, हे दोघांनाही ठाऊक होतं.

तुमच्या पहिल्या अंकाचा क्रम असा ठेवा. आदल्या दिवशी कागद ओलसर करून, एकावर एक रचून, वजनाखाली ठेवा. कोरड्या कागदावर हातयंत्राची शाई नीट उठत नाही. त्याच दिवशी गावात फिरून वीस-पंचवीस माणसांशी बोला, दुकानांच्या जाहिराती घ्या. ताजी बातमी सर्वांत शेवटी जुळवा. एक प्रूफ काढा आणि दोघांनी वाचा, एकाने मोठ्याने आणि दुसऱ्याने मूळ कागदावर बोट ठेवून. आकड्यांशी थांबा, कारण पंधरा डॉलरचे पन्नास झाले तर शेकडो माणसं चुकीच्या ओढ्याकडे चालू लागतील. फर्मा यंत्रावर नेताना तो घट्ट आवळला आहे ना हे दोनदा बघा. सांडलेले खिळे वेचून पुन्हा पेटीतल्या आपापल्या घरांत लावायला अख्खी रात्र जाते. छपाई झाली की खिळे लगेच धुऊन टाका.

यंत्र वाटेत अडकलं असेल तरी थांबू नका. १८९८ मध्ये क्लोंडाइकच्या डॉसन गावात यूजीन ॲलन आपल्या यंत्राच्या आधीच पोचला. त्याने टंकलेखन यंत्रावर बातम्यांची एकच प्रत काढून लोकांना वाचायला लावून दिली. ‘क्लोंडाइक नगेट’ची सुरुवात अशी झाली.

सोन्याची बातमी : इथे सर्वाधिक वेळ घाला

बायर्सने डेन्व्हरला निघण्याआधी एका सहलेखकासोबत सोन्याच्या प्रदेशाची मार्गदर्शिका छापली होती. ती जागा स्वतः न बघता. डी. सी. ओक्स नावाच्या माणसानेही अशीच पुस्तिका काढली होती. १८५९ च्या वसंतात पोचलेल्यांना चेरी क्रीकच्या वाळूत रोजंदारीही सुटेना, तेव्हा हजारो लोक संतापून परत फिरले. मार्गदर्शिका लिहिणाऱ्यांना फासावर द्या, असं ते उघड बोलत. प्लॅट नदीच्या वाटेवर ओक्सची खोटी कबर उभारून तिच्यावर त्याच्या नावाने शिव्या लिहिल्या गेल्या. नेमक्या त्याच आठवड्यांत बायर्स आपल्या नव्या पत्रातून सोनं खरंच आहे असं सांगत होता. त्याच्यावर कुणी का विश्वास ठेवावा?

उत्तर दोन गोष्टींनी दिलं. ६ मे रोजी जॉन ग्रेगरी या जॉर्जियाहून आलेल्या खाणकामगाराला डोंगरातल्या एका घळीत गारगोटीच्या खडकातली सोन्याची शीर सापडली. पण बायर्सने कितीही लिहिलं तरी तो गावाचा माणूस, गावात त्याचे हितसंबंध. जूनमध्ये ‘न्यूयॉर्क ट्रिब्यून’चा संपादक होरेस ग्रीली, सोबत हेन्री व्हिलार्ड आणि अल्बर्ट रिचर्डसन हे वार्ताहर, असे तिघं त्या घळीत स्वतः गेले. त्यांनी खाणमालकांकडून आकडे घेतले, धुणं चाललेलं पाहिलं आणि सह्या करून अहवाल दिला. ‘न्यूज’ने तो विशेष अंक म्हणून तपकिरी वेष्टनाच्या कागदावर छापला. पूर्वेत त्या तीन सह्यांना वजन होतं.

यातून तुमच्यासाठी कामाची पद्धत निघते. गावात कुणी सोन्याची बातमी घेऊन आला की त्याला बसवा आणि विचारा : कोणता ओढा, गावापासून किती अंतरावर? दावा, म्हणजे खणायच्या जागेवरचा हक्क, कुणाच्या नावावर नोंदला आहे? किती माणसांनी किती दिवस काम केलं? एकूण सोनं किती औंस, आणि वजन कुणी, कुठल्या तराजूवर केलं? एका परातीतलं सोनं सांगत असेल तर ते बाजूला ठेवा. आठवड्याची सरासरी विचारा. शेवटी हेही विचारा, की तुझा तिथे दावा किंवा भूखंड विकायला आहे का? उत्तर ‘हो’ असेल तर बातमीत तसं छापा. नावं, दिवस, वजन यांतलं काही मिळालं नाही तर बातमी पुढच्या अंकाला ठेवा. जमेल तेव्हा घोड्यावर बसून स्वतः जा, आणि गावात काही विकायला नसलेला एक साक्षीदार बरोबर न्या.

थोडं खाणशास्त्रही शिका. ओढ्याच्या वाळूतलं सुटं सोनं परातीने धुता येतं, आणि ते लवकर संपतं. शिरेतलं सोनं फोडून, दळून, पाऱ्याने धरावं लागतं. ग्रेगरी घळीत वरचा कुजलेला खडक सहज सोनं देत होता. खोल गेल्यावर गंधकयुक्त खनिज लागलं आणि पाऱ्याला ते दाद देईना. १८६८ मध्ये नॅथॅनिएल हिलची भट्टी ब्लॅक हॉक गावात सुरू होईपर्यंत कोलोरॅडोतली खाणकामं रखडत होती. हा फरक जाणणारा संपादक पहिल्या महिन्याचे आकडे वर्षभराचे म्हणून छापणार नाही.

नेव्हाडातल्या व्हर्जिनिया सिटीत आणखी एक मोह होता. नव्या खाणीवर चार ओळी छापल्या की मालक वार्ताहराला खाणीचे काही ‘फूट’, म्हणजे हिस्से, भेट द्यायचे. ‘टेरिटोरियल एंटरप्राइज’मध्ये काम केलेल्या मार्क ट्वेनने ही रीत पुढे मोकळेपणाने लिहून ठेवली. तुमच्या छापखान्यात पहिल्या दिवसापासून नियम करा : कामगार किंवा वार्ताहर कुणाकडूनही हिस्सा घेणार नाही, विकत घेतलाच तर ते पत्रात छापलं जाईल. ट्वेननेच ऑक्टोबर १८६३ मध्ये एका कुटुंबाच्या हत्याकांडाची बनावट बातमी छापली. इतर पत्रांनी ती खरी समजून उचलली आणि मग संतापली. खऱ्या बातमीसाठी माणसं घरदार मागे सोडून निघतात, अशा गावात रचलेल्या बातमीला जागा देऊ नका, मग ती कितीही गमतीदार असो.

बाकीची पानं

सोन्याखालोखाल माणसाला हवी असते घराकडची बातमी. अमेरिकन टपाल कायद्याने १७९२ पासून संपादकांना एकमेकांची पत्रं टपालाने फुकट पाठवता येत. निघण्याआधी शक्य तितक्या संपादकांशी अंक-अदलाबदलीचं ठरवून घ्या आणि आलेल्या अंकांतले उतारे मूळ पत्राच्या नावानिशी छापा. सुरुवातीला गावात टपाल कचेरी नसेल, अंक आठवडे-आठवडे उशिरा येतील. डेन्व्हरला तारायंत्र पोचलं ते १८६३ मध्ये. तरी लोक शिळी बातमीही वाचतात. डॉसनमध्ये सिअ‍ॅटलचं एक जुनं वृत्तपत्र पन्नास डॉलरला विकलं गेलं. घेणाऱ्याने ते माणशी एक डॉलर घेऊन लोकांना मोठ्याने वाचून दाखवलं.

याशिवाय नव्याने आलेल्यांची नावं, न नेलेल्या पत्रांची यादी, पीठ, कॉफी आणि सुतारकामाच्या खिळ्यांचे भाव, वाटेवरचं पाणी आणि गवत, मृतांची नावं आणि त्यांचं मूळ गाव. हे शेवटचं कधीही गाळू नका. दूरच्या एखाद्या घराला ती दोन ओळींची नोंद हाच निरोप असतो.

पैसा

वर्गणी आगाऊ घ्या, कारण वर्गणीदार पुढच्या आठवड्यात दुसऱ्या घळीत असेल. नाणी थोडी, त्यामुळे सोन्याचा चुरा घ्यावा लागतो. चांगला तराजू आणि प्रमाणित वजनं बरोबर ठेवा. वेगवेगळ्या ओढ्यांच्या सोन्याचा कस वेगळा असतो आणि चुऱ्यात वाळूही येते, म्हणून औंसाचा दर पत्रातच छापून टाका. डेन्व्हरमध्ये जुलै १८६० मध्ये क्लार्क, ग्रुबर आणि कंपनीने सोन्याची खासगी नाणी पाडायला सुरुवात केल्यावर ही कटकट कमी झाली. तोवर कुणी पीठ, लाकूड किंवा हरणाचं मांस देऊ केलं तर घ्या.

खरं उत्पन्न मात्र किरकोळ छपाईतून येतं. दाव्यांचे कोरे फॉर्म, भूखंडाचे करारनामे, खाण-कंपनीचे भागपत्र, दुकानाच्या पावत्या, नाटकाची हस्तपत्रकं, सगळं तुमच्याकडेच येणार. सॅन फ्रान्सिस्कोच्या पत्रांनी आणखी एक चांगली वाट शोधली : टपालबोट सुटण्याच्या दिवशी खास ‘स्टीमर’ अंक, ज्यात पंधरवड्याच्या बातम्या एकत्र. सोनं शोधणारा माणूस तो विकत घेऊन घरी पाठवायचा, लांब पत्र लिहायचे कष्ट वाचायचे. चित्रं छापलेले पत्रकागदही फार खपले. जेम्स हचिंग्जने १८५३ मध्ये काढलेला खाणकामगारांच्या दहा आज्ञांचा पत्रकागद वर्षभरात लाखाच्या आसपास खपला.

माणसं टिकवणं

१८४८ च्या मे-जूनमध्ये सॅन फ्रान्सिस्कोची दोन्ही पत्रं, ‘कॅलिफोर्नियन’ (ते मॉन्टेरेहून तिथे आलं होतं) आणि ‘कॅलिफोर्निया स्टार’, बंद पडली. जुळारी सोन्याकडे गेले, वाचकही गेले. ‘स्टार’चा मालक सॅम ब्रॅनन तर स्वतःच सोन्याची हाकाटी करत होता, कारण खाणींच्या वाटेवर त्याचं अवजारांचं दुकान होतं. जानेवारी १८४९ मध्ये उरलेल्या सामग्रीतून ‘अल्टा कॅलिफोर्निया’ उभं राहिलं.

तुमचा जुळारीही जाईल असं धरून चाला. त्याला पगाराबरोबर छापखान्याच्या नफ्यात वाटा द्या. आलटून पालटून आठवडाभराची रजा द्या, म्हणजे तो नदीवर जाऊन परात फिरवून बघेल. बहुतेक जण पाठ धरल्यावर परत येतात. आणि संपादकासकट प्रत्येकाला खिळे जुळवता आले पाहिजेत.

पिस्तूल आणि सरकार

जुलै १८६० मध्ये डेन्व्हरच्या चार्ली हॅरिसन या जुगारी गुत्तेवाल्याने एका कृष्णवर्णीय माणसाला गोळ्या घातल्या. बायर्सने त्याविरुद्ध लिहिलं. हॅरिसनच्या टोळीतले लोक कार्यालयात शिरले आणि पिस्तुलाच्या धाकाने त्याला गुत्त्यात घेऊन गेले. हॅरिसननेच त्याला मागच्या दाराने निसटू दिलं म्हणून तो वाचला. नंतर टोळीतल्या एकाने कार्यालयावर गोळ्या झाडल्या आणि तो स्वतःच मारला गेला. सॅन फ्रान्सिस्कोच्या जेम्स किंगला एवढं नशीब नव्हतं : जेम्स केसी या राजकारण्याने पूर्वी तुरुंगवास भोगल्याचं त्याने छापलं आणि मे १८५६ मध्ये केसीने त्याला भर रस्त्यात गोळी घातली. ‘अल्टा’चा संपादक एडवर्ड गिल्बर्ट १८५२ मध्ये द्वंद्वात मेला. त्याला मारणारा जेम्स डेन्व्हर. पुढे ज्याच्या नावाने चेरी क्रीककाठचं गाव वसलं, तोच हा.

म्हणून कार्यालयाला दोन दारं ठेवा. आरोपाची बातमी साक्षीदाराच्या सहीशिवाय छापू नका, समोरच्याला उत्तरासाठी त्याच पानावर जागा द्या, आणि द्वंद्वाचं आव्हान आलं तर ते नाकारल्याचं अंकात जाहीर करा.

सरकारचा धोका वेगळा. ऑस्ट्रेलियातल्या बॅलरॅटमध्ये हेन्री सीकॅम्पने मार्च १८५४ मध्ये ‘बॅलरॅट टाइम्स’ सुरू केलं आणि परवाना-शुल्काविरुद्ध लढणाऱ्या खाणकामगारांची बाजू घेतली. डिसेंबरमधल्या युरेका उठावानंतर त्याला पकडून राजद्रोहाबद्दल शिक्षा झाली. पत्र बंद पडलं नाही, कारण क्लारा सीकॅम्पने संपादन हाती घेतलं. ऑस्ट्रेलियातली पहिली स्त्री संपादक म्हणून तिचं नाव घेतलं जातं. तुम्हाला अटक झाली तर दुसऱ्या दिवशी फर्मा कोण आवळणार, हे आधीच ठरवून ठेवा.

ज्यांची जमीन आहे त्यांची बातमी

बायर्सचं सर्वांत मोठं अपयश या पायरीवर आहे, आणि त्याची किंमत इतरांनी जिवाने मोजली.

१८५१ च्या फोर्ट लॅरमी कराराने प्लॅट आणि आर्कान्सा नद्यांमधला हा प्रदेश शायेन आणि अरापाहो लोकांचा मानला होता. त्यांच्या परवानगीशिवाय तिथे गाव वसलं. अरापाहोंचा प्रमुख निवोट अस्खलित इंग्रजी बोलायचा आणि त्याचे लोक या गावांच्या आसपास तळ द्यायचे. म्हणजे दुभाषा मिळत नव्हता ही सबबही नव्हती. तरीही १८६४ मध्ये ‘न्यूज’ने मूळ रहिवाशांविरुद्ध वातावरण तापवलं. २९ नोव्हेंबरला कर्नल शिव्हिंग्टनच्या फौजेने सँड क्रीककाठच्या तळावर हल्ला करून सुमारे दोनशे तीस माणसं मारली. त्यांत बहुतेक बायका, मुलं आणि म्हातारी माणसं होती. निवोटही तिथे जखमी होऊन मेला. ‘न्यूज’ने याला मोठा पराक्रम म्हणून गौरवलं. गोळी झाडायला नकार देणारा कॅप्टन सायलस सोल साक्ष देऊन आला आणि एप्रिल १८६५ मध्ये डेन्व्हरच्या रस्त्यावर मारला गेला. संसदीय चौकशीने हत्याकांडाचा निषेध केला, तरी बायर्सने शिव्हिंग्टनची बाजू सोडली नाही.

सोन्याच्या बातमीला जे प्रश्न लावता तेच इथे लावा : कुणी पाहिलं, किती जण, मेले ते कोण, सांगणाऱ्याचा यात काय फायदा? ‘हल्ला झाला’ असं वाटेवरून आलेला गाडीवान सांगतो, तेव्हा दुसऱ्या बाजूच्या माणसाला शोधून त्याचं म्हणणं घेईपर्यंत ओळ जुळवू नका. फौजेचं पत्रक आलं तर ते फौजेचं पत्रक म्हणूनच छापा. तळावर जाऊन प्रमुखांशी बोलणं हे पहिल्याच महिन्याचं काम आहे, तणाव पेटल्यावरचं नव्हे.

गाव हललं किंवा पूर आला तर

‘टेरिटोरियल एंटरप्राइज’ १८५८ मध्ये जेनोआ गावात निघालं, पुढच्या वर्षी कार्सन सिटीला गेलं आणि १८६० मध्ये व्हर्जिनिया सिटीला. मेरिकचं यंत्र गिब्सनने ऑगस्ट १८५९ मध्ये डोंगरातल्या माउंटन सिटीत नेऊन तिथे वेगळं पत्र काढलं, आणि वर्ष संपायच्या आत ते गोल्डन गावच्या ‘वेस्टर्न माउंटेनियर’कडे गेलं. त्यामुळे लाकडी पेट्या जाळू नका, यंत्राच्या भागांवर खुणा करून ठेवा. दुकानदार उधारीने माल द्यायचं थांबवतात तेव्हा गाव रिकामं व्हायला लागलेलं असतं. जाहिरातींचे पैसे त्याच आठवड्यात गोळा करा.

प्रत्येक अंकाच्या तीन प्रती बाजूला काढा : एक कार्यालयात, एक गावातल्या उंचावरच्या घरात, एक ओमाहाला. आणि प्रतिस्पर्धी पत्राशी कितीही वाद असो, एक लेखी करार करून ठेवा : ज्याचा छापखाना जळेल किंवा बुडेल त्याला दुसरा आपलं यंत्र वापरू देईल. १८६४ च्या पुरानंतर बायर्सकडे असा करार नव्हता. ‘कॉमनवेल्थ’ या प्रतिस्पर्धी पत्राचा छापखाना त्याला विकतच घ्यावा लागला, आणि त्यावर महिन्याभराने ‘न्यूज’चा पुढचा अंक निघाला.